पेन्शन आहेच की

7 डिसेंबर 2024, शनिवार

आज सशस्त्र सेना ध्वजदिन. शाळेतली मुलं निधीचा डबा घेऊन स्टेशनच्या रस्त्यावर फिरत होती. नायगाव पूर्वेला शनिवारी संध्याकाळी पाय ठेवायला जागा नसते, पण डबा दिसला की लोकांना बरोबर वाट सापडते. माझ्या दुकानातल्या गिऱ्हाइकांनी मोबाइल काढले आणि त्यात डोकी घातली. पन्नासची नोट टाकली ती एकट्या नाईकभाऊंनी. मराठा लाइट इन्फन्ट्रीत सतरा वर्षे काढून नाईक हुद्द्यावर बाहेर पडलेला हा माणूस आता जूचंद्रच्या बाजूला एका टॉवरच्या गेटवर बारा तास उभा असतो.

मुलं गेल्यावर त्यांनी एक कागद झेरॉक्सला दिला. सुरक्षा एजन्सीच्या लेटरहेडवर चार ओळी टाइप केलेल्या : मला लष्कराचे निवृत्तिवेतन मिळत असल्याने ठरलेला पगार मला मान्य आहे, कमी पगाराबाबत माझी कोणतीही तक्रार नाही व राहणार नाही. खाली सही.

मी विचारलं, "सही का केलीत?"

"ताई, साहेब म्हणाले, पेन्शन आहेच की तुम्हाला. दुसरे गार्ड यूपीचे, त्यांना घरभाडं आहे, पोरं आहेत. तुम्हाला काय कमी?"

नाईकभाऊंनाही घरभाडं आहे, पोरंही आहेत.

9 डिसेंबर, सोमवार

ते वाक्य डोक्यातून जाईना. माझ्या वडिलांनाही ते ऐकावं लागलं होतं. ते सातारा जिल्ह्यातल्या अपशिंगे मिलिटरीचे. या गावातले 46 जण पहिल्या महायुद्धात मेले, म्हणून इंग्रजांनी गावात स्मृतिशिळा बसवली. वडील फौजेतून आले आणि बँकेच्या दारात बारा बोअरची बंदूक घेऊन बसले. आत कॅशियर चुकला तर ओरडा खायचा, वडील चुकले तर त्याला 'फौजी डोकं' म्हणायचे. पेन्शनवरून टोमणे त्यांनाही होते, पण पगार कापायची कोणाची टाप नव्हती. कारण नोकरी सरकारी नियमाखालची. अधिकारी हुद्द्याखालच्या माजी सैनिकाला केंद्र सरकारच्या सेवेत पुन्हा घेतलं, तर वेतन ठरवताना त्याचं लष्करी पेन्शन पूर्णपणे बाजूला ठेवायचं, असा नियमच आहे. पेन्शन हे झालेल्या कामाचं, पगार हा होत असलेल्या कामाचा. इतकी साधी गोष्ट सरकारला लिहून ठेवावी लागली, आणि गेटबाहेर ती कोणाला लागू नाही.

17 डिसेंबर, मंगळवार

स्टेट बँकेची क्लार्कची जाहिरात आज उघडली. 13,735 जागा, 7 जानेवारीपर्यंत मुदत. सकाळपासून पोरांची रांग. सर्व्हर दुपारी दोनपर्यंत धड चालला, मग बसला.

नाईकभाऊंना निरोप पाठवून बोलावलं. त्यांना वाटत होतं पस्तिशी उलटली, आता बँक कसली. मी त्यांना कागदावर मांडून दाखवलं. वयोमर्यादा 28. माजी सैनिकाला झालेल्या सेवेची वर्षं अधिक तीन अशी सवलत, पन्नाशीच्या आत. 28 अधिक 17 अधिक 3, म्हणजे 48. आपण पस्तीस. पदवी नाही? चालतं. दहावी आणि आर्मीचं विशेष शिक्षण प्रमाणपत्र असेल आणि पंधरा वर्षं सेवा झाली असेल, तर पदवीची अट आडवी येत नाही. फी? सर्वसाधारण उमेदवाराला 750 रुपये, माजी सैनिकाला शून्य. राष्ट्रीयीकृत बँकांत क्लार्कच्या पातळीवर माजी सैनिकांना साडेचौदा टक्के जागा, त्यातले साडेचार टक्के अपंगत्व आलेल्या माजी सैनिकांसाठी आणि युद्धात गेलेल्यांच्या कुटुंबीयांसाठी. आपल्या राज्य सरकारच्या गट क आणि ड मध्ये पंधरा टक्के समांतर आरक्षण.

"एवढं आहे?" असं म्हणून ते गप्प झाले. मग विचारलं, "परीक्षा कसली असते?"

इंग्रजी, गणित, तर्क. तासाभरात शंभर प्रश्न. तिथेच खरी गोम आहे. जागा राखून ठेवतात आणि चाळणी मात्र विरारच्या क्लासमध्ये दोन वर्षं घासलेल्या बावीस वर्षांच्या पोरांच्या मापाची लावतात. सियाचेनच्या पायथ्याशी रेशन पोहोचवणाऱ्या माणसाने बोट आणि प्रवाहाची गणितं शेवटची सोडवली ती नववीत. मग जागा रिकाम्या राहतात, आणि कोणीतरी म्हणतं, बघा, माजी सैनिक येतच नाहीत.

फॉर्म मात्र भरला. फोटोत टोपी चालत नाही म्हणून दोनदा काढला.

19 डिसेंबर, गुरुवार

सुभेदारकाका आले. सिग्नल्समधून निवृत्त, सव्वीस वर्षं सेवा, राहायला टिवरीला. त्यांना सरकारी नोकरीत रस नाही. हायवेला ससूनवघरच्या पुढे जी गोदामं उभी राहिली आहेत, त्यातल्या एकात मॅनेजरची जागा होती. मुलाखतीला दिलेला फॉर्म त्यांनी फोटो काढून आणला होता. 'संबंधित अनुभव' या रकान्यात मुलाखत घेणाऱ्या पोराने स्वतःच्या हाताने लिहिलं होतं : 0 वर्षे.

सव्वीस वर्षं माणसं, गाड्या, केबल, जनरेटर, डिझेलचा हिशेब ठेवणाऱ्या माणसाचा अनुभव शून्य. वर त्याला सांगितलं, सिक्युरिटी सुपरवायझरची जागा आहे, ती घ्या, तुम्हाला पेन्शन आहेच की.

काका रागावले नव्हते. फक्त म्हणाले, "मला कोटा नको गं. माझी नोकरी ही नोकरी होती, एवढं कोणीतरी धरा."

गंमत म्हणजे सुपरवायझरच्या जागेला कायद्याचा आधार आहे. खासगी सुरक्षा एजन्सींचा 2005 चा कायदा सांगतो की पर्यवेक्षक नेमताना लष्कर, नौदल, हवाई दल किंवा पोलिसात किमान तीन वर्षं काढलेल्याला प्राधान्य द्या. म्हणजे देशाने खासगी क्षेत्रात सैनिकाला ज्या दारातून आत घेतलं, ते वॉचमनचं दार. त्याच कायद्यात असंही आहे की रक्षकाने लष्करासारखा दिसणारा गणवेश घातला तर त्याला आणि मालकाला एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. तरी आमच्या टॉवरांच्या गेटवर ठिपक्याठिपक्यांच्या टोप्या दिसतातच. सोसायट्यांना फौजी दिसलेला आवडतो.

21 डिसेंबर, शनिवार

टीएचा, म्हणजे प्रादेशिक सेनेचा, पोरगा आला. वालीवच्या एका कारखान्यात सुपरवायझर आहे आणि कोल्हापूरच्या 109 टीए बटालियनमध्ये भरती झालेला आहे. बोलावण्याचं पत्र प्रिंट करायचं होतं. मालक म्हणाला, जा, पण परत आल्यावर जागा असेल की नाही ते तेव्हा बघू. पोरगा हसत सांगत होता, हात मात्र पेनड्राइव्हच्या झाकणाशी चाळा करत होता. मी म्हटलं ओळखीच्या वकीलबाईंना विचारते.

25 डिसेंबर, बुधवार

दुकान बंद. दुपारी वकीलबाईंकडे उमेळ्याला. दारात नाताळचा गोठा उभारलेला, घरात पाहुण्यांची ये-जा. फुगे आणि डुकराचं इंद्याल खाऊन झाल्यावर त्यांना माझी सगळी प्रकरणं ऐकवली. सणाच्या दिवशी कोणी असं करतं का, पण त्या वसई कोर्टात इतक्या धावपळीत असतात की एरवी पाच मिनिटं मिळत नाहीत.

सुरुवात त्यांनी राज्यघटनेपासून केली. कलम 16 सरकारी नोकरीत भेदभाव करू नका म्हणतं, आणि कारणं मोजून सांगतं : धर्म, वंश, जात, लिंग, कूळ, जन्मस्थान, निवास. लष्करात होता, हे कारण त्यात नाही. शिवाय ते कलम सरकारला बांधतं, गोदामाच्या मालकाला नाही. म्हणून सुभेदारकाकांचा शून्य घेऊन कोर्टात जायला दरवाजाच नाही. पाय गेलेला जवान असता तर 2016 चा दिव्यांग हक्कांचा कायदा होता. तो खासगी आस्थापनांनाही समान संधीचं धोरण करायला लावतो. पण तो त्याला दिव्यांग म्हणून ओळखतो, सैनिक म्हणून नाही.

अमेरिकेत उलटं आहे, त्या म्हणाल्या. 1994 चा एक कायदा आहे. लष्करी सेवा केली किंवा करायची आहे म्हणून कोणी नोकरी नाकारली, बढती अडवली, काढून टाकलं, तर सैनिक थेट मालकावर दावा लावतो, मालक खासगी असो की सरकारी. ली रॉय टॉरेस नावाचा टेक्सासचा राज्य पोलिस राखीव दलातून इराकला गेला. तिथे कचरा जाळण्याच्या खड्ड्यांच्या धुराने त्याची फुप्फुसं गेली. परत आल्यावर जुनं काम झेपेना, त्याने दुसरं मागितलं, राज्याने दिलं नाही. राज्याचं म्हणणं, आमच्यावर दावाच लावता येत नाही. 29 जून 2022 ला तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी सांगितलं, लावता येतो.

तिथे दाव्याचा हक्क आहे, इथे राखीव खुर्ची आहे. खुर्ची मिळाली तर उत्तमच. पण बहुतेक जण खुर्चीपर्यंत पोहोचतच नाहीत आणि बाहेर त्यांच्या हातात काही नसतं. मला हे आधी इतकं स्पष्ट दिसलं नव्हतं.

टीएच्या पोराचं ऐकून मात्र वकीलबाई ताठ बसल्या. आपल्याकडे खऱ्या अर्थाने दात असलेली तरतूद तीच आहे, म्हणाल्या. प्रादेशिक सेनेचा 1948 चा कायदा, कलम 7अ. लष्करी सेवेसाठी बोलावलेल्या कामगाराला रजा देणं आणि परत आल्यावर पूर्वीपेक्षा वाईट नाही अशा अटींवर कामावर घेणं, हे प्रत्येक मालकाचं कर्तव्य. नाही घेतलं तर सहा महिन्यांच्या पगारापर्यंत भरपाई. मालक खासगी असला तरी. म्हणजे देशाला हे जमतं. कामावरून सीमेवर जाऊन परत येणाऱ्यासाठी 1952 च्या दुरुस्तीत जमवलं. सीमेवरून पहिल्यांदाच कामावर येणाऱ्यासाठी कोणी बसलं नाही.

आणि नाईकभाऊंचा तो सही केलेला कागद? वकीलबाईंनी तो फुग्यांच्या ताटाशेजारी ठेवून वाचला आणि हसल्या. "किमान वेतन कायदा 1948, कलम 25. किमान वेतनाखालचा करार माणसाने स्वतः सही करून दिला तरी तो रद्दबातल. पेन्शन असो, लॉटरी लागलेली असो. कलम 20 खाली अर्ज करा, सहा महिन्यांच्या आत. फरकाच्या दहापटीपर्यंत भरपाई देता येते. आणि बारा तास उभा करतात ना? नऊ तासांवरच्या ओव्हरटाइमचा हिशेब वेगळा."

1 जानेवारी 2025, बुधवार

पहाटेपासून निळे झेंडे. नायगावहून लोक कोरेगाव भीमाला निघाले, काल रात्रीच पुष्कळ गेले. आयडी कार्डच्या कलर झेरॉक्ससाठी सकाळी सहाला शटर उघडायला लावलं.

1818 च्या त्या लढाईतल्या विजयस्तंभावर ज्या महार सैनिकांची नावं आहेत, त्यांच्या नातवंडांच्या तोंडावर इंग्रजांनी 1892-93 च्या सुमारास भरतीचं दार लावलं. लढवय्या जाती आणि बिगर लढवय्या जाती अशी विभागणी करून. त्याविरुद्ध सगळ्यात आधी उभा राहिला तो एक पेन्शनर. महाडजवळच्या रावढळचे गोपाळबाबा वलंगकर, 1886 मध्ये निवृत्त झालेले. दापोलीत बसून त्यांनी 1894 मध्ये सरसेनापतीला उद्देशून अर्ज तयार केला : आमच्या लोकांना पुन्हा फौजेत घ्या. पुढे 1910 मध्ये शिवराम जानबा कांबळ्यांनी थेट लंडनच्या भारतमंत्र्याकडे निवेदन पाठवलं. पहिल्या युद्धात गरज पडली तेव्हा 111 वी महार पलटण उभी केली, युद्ध संपल्यावर काही वर्षांत मोडली. महार रेजिमेंट झाली ती 1941 मध्ये, बेळगावला.

सुभेदार रामजी सकपाळांनाही फौजेतून उतरल्यावर साताऱ्याला नोकरी शोधावी लागली. ते कामावर बाहेरगावी होते म्हणूनच लहान भीमराव भावंडांसह त्यांना भेटायला मसूर स्टेशनवर उतरला, आणि पुढे पाण्यासाठी काय सोसलं ते सगळ्यांना माहीत आहे.

फौजेतून बाहेर पडलेल्याला काम मिळणं न मिळणं हा फक्त 'फौजी' असण्याचा प्रश्न कधीच नव्हता. तो कोणत्या जातीचा फौजी हेही त्यात होतंच. आजही फॉर्ममध्ये दोन्ही रकाने एकमेकांत गुंततात : समांतर आरक्षण त्या त्या प्रवर्गाच्या आत मोजतात. पोरं मला विचारतात, ताई, माझी जागा नक्की कुठली? यादी लागल्याशिवाय मलाही सांगता येत नाही.

10 जानेवारी, शुक्रवार

टीएचा पोरगा पेढे घेऊन आला. कलम 7अ ची प्रत मालकाच्या टेबलावर ठेवली, वाद न घालता. मालकाने हिशेबनीसाला बोलावलं, दोघांनी वाचलं, आणि बिनपगारी रजा लिहून दिली, परत रुजू होण्याच्या तारखेसह. कायद्याची प्रत काढायला चार रुपये लागले होते.

14 जानेवारी, मंगळवार

संक्रांत, आणि माजी सैनिक दिन. फील्ड मार्शल करिअप्पा 1953 मध्ये याच दिवशी निवृत्त झाले म्हणून. नायगाव कोळीवाड्यातली एक मावशी तिळगूळ घेऊन आल्या. मुलगा अग्निवीर आहे, पहिल्याच तुकडीतला, सुट्टीवर आलाय. त्याच्या मोबाइलवर रेल्वेच्या मोठ्या भरतीची बातमी होती.

त्याने विचारलं, "चार वर्षं झाली की मी माजी सैनिकच्या रकान्यात होय करायचं ना?"

नाही. अग्निपथ योजनेत चार वर्षांनी बाहेर पडणाऱ्याला माजी सैनिकाचा दर्जा नाही, पेन्शन नाही. पंचवीस टक्क्यांपर्यंत आत राहतील. बाकीच्यांना सेवानिधीचे पावणेबारा लाखांच्या आसपास रुपये मिळतील, आणि केंद्रीय सशस्त्र पोलिस दलांच्या भरतीत दहा टक्के राखीव जागा जाहीर केल्या आहेत. त्याला मी हे सगळं सांगितलं. मावशी ऐकत होत्या. त्या म्हणाल्या, "म्हणजे याला कोण म्हणणार नाही, पेन्शन आहेच की."

पोरगा हसला. मला हसू आलं नाही. पहिली तुकडी पुढच्या वर्षाअखेरीपासून बाहेर पडू लागेल. तेविशी-चोविशीतली ही पोरं वालीव, भिवंडी, तळोजा, चाकणला जाणार, आणि मुलाखतीच्या फॉर्ममधला तो रकाना भरायला पुन्हा कोणीतरी पोरगाच बसलेला असणार.

23 जानेवारी, गुरुवार

रेल्वेचा लेव्हल-1 चा फॉर्म आज उघडला. 32,438 जागा. ट्रॅकमन, पॉइंट्समन, असिस्टंट. माजी सैनिकांना वीस टक्के. त्यांना फी अडीचशे, पहिल्या परीक्षेला बसलं की बँकेचा खर्च वजा करून परत. सकाळी आठ ते रात्री अकरा मी आणि माझी भाची. हात सुजले.

सुभेदारकाका फॉर्म भरायला नाही, बघायला आले. आर्मीत कोर्स केलेल्या एका भाच्यासाठी. मी म्हटलं, तुम्हीही भरा. ते म्हणाले, एकदा या कोट्यातून सरकारी नोकरीत रुजू झालो की पुन्हा नोकरीसाठीचं माजी सैनिकपण संपतं. 2014 च्या आदेशाने फक्त रुजू होण्याआधी केलेल्या अर्जांपुरती सूट दिली आहे, तीही आधी लेखी कळवलं असेल तर. सव्वीस वर्षांच्या बदल्यात मिळालेला एक पत्ता आहे, तो पॉइंट्समनवर टाकायचा का?

त्यापेक्षा आम्ही दुसरं केलं. रात्री गर्दी ओसरल्यावर त्यांचा बायोडाटा नव्याने टाइप केला. 'जेसीओ' हा हुद्दा काढला. लिहिलं : साठ माणसांच्या कामाचं वाटप, हजेरी, रजा. डिझेल आणि सुट्या भागांचा साठा, दर तिमाहीला लेखापरीक्षण. बारा वाहनांची देखभाल. काका प्रत्येक ओळीला "हे तर रोजचंच" म्हणत होते. रोजचंच लिहायचं असतं, काका.

30 जानेवारी, गुरुवार

नाईकभाऊंचा किमान वेतनाचा अर्ज आज कामगार आयुक्तांच्या कार्यालयात दाखल झाला. वकीलबाईंनी मसुदा केला. पगाराच्या पावत्या, बँकेचं पासबुक, हजेरीच्या रजिस्टरचे मोबाइलवर काढलेले फोटो आणि तो सहीचा कागद, सगळ्याचे तीन संच मी काढले. नाईकभाऊंनी विचारलं होतं, अर्जात माजी सैनिक असं लिहू का? वकीलबाई म्हणाल्या, लिहून उपयोग नाही, कायदा फक्त तुम्ही कामगार आहात एवढंच बघतो. तरी त्यांनी सहीखाली लिहिलंच, नाईक (निवृत्त).

आवक क्रमांक पडला. सुनावणीची तारीख टपालाने येईल. एजन्सीला कुठून तरी कळलं असावं, कारण कालपासून त्यांना रात्रपाळी लावली आहे. एजन्सीने सोसायटीला दिलेलं जानेवारीचं बिल मात्र 'एक्स-आर्मी गार्ड' याच दराने आहे, साध्या गार्डपेक्षा बरंच चढं. सोसायटीचे सेक्रेटरी त्याची प्रत काढायला माझ्याकडेच आले होते. वकीलबाईंना फोन करून सांगितलं, ते बिल कार्यालयाकडून मागवून घेता येतं का ते बघा.